ओंडक्याचा जन्मदाखला

विनापरवाना झाडतोडीचा दंड एक हजारावरून पन्नास हजारांवर नेण्याचं राज्याच्या मंत्रिमंडळाने ऑगस्ट २०२४ मध्ये ठरवलं आणि वाद पेटला. वाद कसला, तर दराचा. कोकणातले बागायतदार म्हणाले, अहो, पन्नास हजारांत आमचं अख्खं झाड विकलं जात नाही. झाडांच्या बाजूने बोलणारे म्हणाले, एक हजार हा दंड नव्हेच, ती तर तोडीची फी झाली. दोघांचंही खरं होतं. चर्चेतून गळला तो मूळ प्रश्न: गुन्हा नेमका कशाचा? दुसऱ्याचं झाड चोरण्याचा, जंगल उजाड करण्याचा, की आपल्या परड्यातला साग न विचारता पाडण्याचा? या तिन्ही गोष्टींना एकच शिक्षा लावायची असेल, तर दर कितीही ठेवा, तो एकाला कमी आणि दुसऱ्याला जास्तच होणार.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. शेतात, बांधावर, परसात माणसाने लावलेलं वा वाढवलेलं झाड तोडायला सरकारची परवानगी लागू नये. पण तोडलेलं लाकूड रस्त्यावर आलं, की ते कुठून आलं हे सांगणारा कागद सोबत हवाच हवा, त्यात सवलत नको. तोडीची परवानगी आणि वाहतुकीचा पास या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपण त्यांची इतकी वर्षं खिचडी केली आहे की, एकीविरुद्ध बोललं की माणूस दुसरीचाही शत्रू ठरतो. पास हा ओंडक्याचा जन्मदाखला आहे. ग्रामपंचायत जन्माची नोंद करते. मूल होऊ द्यायचं की नाही, हे ग्रामसेवकाला विचारावं लागत नाही.

थोडं घरचं सांगतो. ३ जून २०२०ला निसर्ग वादळ रायगडच्या किनाऱ्याला धडकलं, त्यात माझ्या चुलतभावाच्या घराचं छप्पर गेलं आणि मागच्या वरकस जमिनीतले दोन ऐन आणि एक साग मुळासकट आडवे झाले. झाडं वाऱ्याने पाडली होती, त्यामुळे तोडीच्या परवानगीचा प्रश्न नव्हता. दादाचा हिशेब सरळ होता. नग कापायचे, चौदा किलोमीटरवरच्या गिरणीत न्यायचे, वासे आणि रिपा पाडून आणायच्या, छप्पर उभं करायचं. गिरणीवाला म्हणाला, पास आणा, त्याशिवाय नग आत घेत नाही. त्याचंही चूक नव्हतं, त्याला रजिस्टर दाखवावं लागतं. पासासाठी सात-बारा हवा. सात-बारा सामाईक, अकरा नावांचा. त्यांतले दोघे मुंबईला, एक बडोद्याला, आणि एक वारलेला, ज्याची वारसनोंद कुणी केली नव्हती. शेजारी वनखात्याची हद्द म्हणून मोजणीचा नकाशा हवा. मग पाहणी, मग मोजमाप, मग नगांवर वनखात्याच्या हातोड्याचा छाप. मी दिवाळीला गेलो तेव्हा ते सहा नग तसेच अंगणात पडलेले होते. ऐनाच्या सालीवर भुईछत्र्या उगवल्या होत्या, आणि कापलेल्या तोंडाशी किड्याने पाडलेला भुगा चाळणीतून गाळलेल्या पिठासारखा बारीक साचला होता. नंबर टाकायला आणलेला पांढऱ्या रंगाचा डबा ओटीवर वाळून दगड झाला होता. वर छपरावर निळी ताडपत्री फडफडत होती.

हे सांगताना मला कुणा कारकुनावर राग काढायचा नाही. तो कायद्याच्या शब्दाला धरूनच वागत होता. खोट आहे ती शब्दातच. १९२७चा भारतीय वन अधिनियम ‘वनोपज’ म्हणजे काय हे सांगताना इमारती लाकूड, कोळसा, कात, लाख, राळ अशी यादी देतो आणि पुढे म्हणतो: मग ते जंगलात सापडलेलं असो वा नसो. म्हणजे दादाच्या न्हाणीमागचा ऐन जंगलात नसूनही जंगलाचा! याच कायद्याचं कलम ४१ सरकारला वाहतुकीचे नियम करण्याचा अधिकार देतं, ५२ माल आणि गाडी जप्त करण्याचा. आणि कलम ६९ सांगतं की, वनोपज सरकारी की खासगी असा वाद आला, तर उलट सिद्ध होईपर्यंत ते सरकारचंच मानायचं. इकडे आपल्याच जमीन महसूल संहितेचं कलम २५ म्हणतं, धारण जमिनीतल्या झाडांवर हक्क धारकाचा. एक कायदा झाड तुमच्या पदरात घालतो, दुसरा ते आडवं झाल्याबरोबर सरकारच्या नावावर धरून चालतो. मधे १९६४चा झाडतोड विनियमन अधिनियम उभा. त्याच्या अनुसूचीत साग, ऐन, किंजळ, हिरडा, मोह, खैर यांच्या जोडीला चक्क आंबा, फणस आणि चिंचही.

न्यायालयांनाही या शब्दाने कमी दमवलेलं नाही. चंदनाचं तेल वनोपज आहे का? सर्वोच्च न्यायालय १९९३ मध्ये म्हणालं, आहे. बांबूची चटई? १९९६ मध्ये महाराष्ट्रातूनच गेलेल्या खटल्यात तेच न्यायालय म्हणालं, नाही. माणसाच्या हाताने ती वेगळीच वस्तू झाली. दोन्ही निकालांमागे तर्क आहे. पण तट्ट्या विणणाऱ्या बुरुडाने गाडी भरण्याआधी सर्वोच्च न्यायालयाचा निकालसंग्रह चाळायचा का? शिवाय गाडी अडकली तर ती लवकर सुटत नाही. सरकारजमा करण्याची कारवाई वन अधिकाऱ्यापुढे सुरू झाली, की दंडाधिकाऱ्याला गाडी सोडता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने मध्य प्रदेशच्या एका खटल्यात २०१९ साली स्पष्ट केलं. तस्करांच्या ट्रकांसाठी हे योग्यच आहे. पण त्याची धास्ती बसते ती टेम्पोवाल्याला. तो म्हणतो, लाकूड सोडून काहीही सांगा.

आता विरुद्ध बाजू. ती कमकुवत नाही, आणि तिला ‘पर्यावरणवाल्यांचा बागुलबुवा’ म्हणून उडवून लावणारे मला पटत नाहीत.

पहिला मुद्दा असा की, लाकडाला तोंड नसतं. राखीव जंगलातला साग आणि बांधावरचा साग करवतीखाली सारखाच. एका प्रजातीला मोकळीक दिली की, जंगलातला त्याच जातीचा ओंडका तिच्या आडून बाहेर पडतो. मध्य प्रदेशाने २०१५ मध्ये ५३ प्रजाती पासातून वगळल्या होत्या. २०२५च्या सुरुवातीला तिथल्या उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ती सूट रद्द केली. जंगल ही सरकारने लोकांच्या वतीने सांभाळायची ठेव आहे, तिच्यावरची राखण अशी उठवता येत नाही, या दिशेने तो निकाल जातो. शेतकऱ्यांच्या बाजूने लिहिणाऱ्या अनेकांनी त्याला शेतीविरोधी ठरवलं. मला तो निकाल मुळात बरोबर वाटतो, कारण सूट दिली होती ती जन्मदाखल्यातून. तीच द्यायला नको होती.

दुसरा मुद्दा बस्तरचा. तिथल्या आदिवासींच्या मालकीच्या जमिनीतल्या सागाला ‘मालिक मकबूजा’ म्हणत. १९९०च्या दशकात व्यापाऱ्यांनी आदिवासींकडून जमिनी आणि झाडं मातीमोल भावाने घेतली, लाखोंचा साग कापून नेला, आणि हे सगळं महसूल व वन अधिकाऱ्यांच्या संगनमताने चाललं होतं. प्रकरण लोकायुक्तांपर्यंत आणि पुढे सर्वोच्च न्यायालयात गेलं. महाराष्ट्रात आदिवासी खातेदारांच्या झाडविक्रीसाठी १९६९चा वेगळा कायदा आहे, तो याच भीतीपोटी. परवानगीची भिंत काढली तर गरीब मालकाच्या दारात उद्या ठेकेदार उभा राहील, हा आक्षेप म्हणून हवेतला नाही.

पण बस्तरची गोष्ट नीट वाचा. तिथे परवानगीची पद्धत नव्हती का? होती. आदिवासींच्या झाडांच्या रक्षणासाठी १९५६चा खास कायदा होता, अर्ज होते, शिक्के होते. साग गेला तो कागद चुकवून नाही, बहुतेक ठिकाणी कागद करून. ज्याच्याकडे वकील, ओळख आणि कचेरीत खेपा घालायला माणूस आहे, त्याला परवानगी मिळतेच. ज्याच्याकडे यातलं काही नाही, तो कंटाळून उभं झाड उक्तं विकून मोकळा होतो. आपल्याकडे आजही हेच चालतं. कुठल्याही तालुक्यात विचारा, शेतकरी साग घनमीटरवर विकतो का? नाही. ठेकेदार येतो, झाडाला कवेत घेऊन अंदाज बांधतो, ‘कागदपत्रं माझ्याकडे लागली’ म्हणतो आणि एक आकडा सांगतो. त्या आकड्यात आणि वखारीतल्या भावात जी दरी असते, ती परवानगीची किंमत. ती सरकारी तिजोरीत जात नाही आणि जंगलालाही मिळत नाही. जो अडथळा दुबळ्याच्या रक्षणासाठी म्हणून उभा केला, त्यावरच दलालाचं दुकान चालत असेल, तर ते रक्षण कुणाचं?

तिसरा मुद्दा सर्वांत वजनदार, तो गोदावर्मन खटल्याचा. निलंबूर कोविलकम घराण्यातले टी. एन. गोदावर्मन तिरुमुलपाद यांनी निलगिरीतल्या गुडलूर भागातली झाडतोड पाहून १९९५ साली याचिका केली. १२ डिसेंबर १९९६च्या आदेशाने सर्वोच्च न्यायालयाने ‘वन’ या शब्दाला शब्दकोशातला अर्थ दिला, मालकी कुणाचीही असो, आणि ईशान्येच्या सात राज्यांतून बाहेर जाणारी लाकडाची वाहतूक रेल्वे, रस्ता, जलमार्ग सगळीकडून थांबवली. त्या आदेशाने कितीतरी डोंगर वाचले, हे कबूल न करणारा माणूस प्रामाणिक नाही. ईशान्येतले प्लायवूडचे कारखाने बसले, माणसं बेकार झाली, हेही खरं. पण तेव्हा तिथे ज्या वेगाने जंगल कापलं जात होतं, तो थांबवायला दुसरा कुठला ब्रेक हाताशी होता?

मात्र त्या आदेशाची धार कशात होती ते पाहा. लाकूड अडवलं ते वाहतुकीत आणि आरा गिरणीत, म्हणजे जिथे ते गोळा होतं तिथे. प्रत्येक बुंध्यापाशी शिपाई उभा करून जंगल राखता येत नाही. नाक्यावर आणि गिरणीच्या दारात राखता येतं. हीच अक्कल आपण शेतातल्या झाडाला उलटी लावतो. बुंध्यापाशी सगळा जाच, आणि ट्रक नाक्यावर आला की रात्रीच्या अंधारात काय होतं ते सगळ्यांना ठाऊक. सह्याद्रीत खैराची चोरटी तोड परवानगीच्या अभावी थांबलेली नाही. चोर परवानगी मागतच नाही!

पूर्ण बंदी हवी अशा जागा मी यातून वगळतो. सावंतवाडी-दोडामार्गसारख्या पट्ट्यात, जिथे हत्ती-वाघांचा राबता आहे आणि खासगी मालकीचंही सलग जंगल आहे, तिथे उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये झाडतोडीवर निर्बंध घातले, ते योग्यच. ओढ्याकाठचं झाड, तीव्र उताराचं झाड, देवराई यांनाही वेगळा नियम असावा. मालकी जंगल म्हणजे बांध नव्हे. पण जंगल कुठलं हे सरकारने आधी नकाशावर ठरवून सांगायला हवं. त्यातला घोळ मुंबईकरांनी चांगला भोगला आहे. १९५६-५७च्या, कित्येकांना कधी बजावल्याच न गेलेल्या नोटिसांवरून त्यांच्या जमिनी १९७५च्या खासगी वन संपादन कायद्याखाली सरकारच्या ठरवल्या गेल्या, वर इमारती उभ्या राहिल्या, माणसं राहायला आली, आणि शेवटी जानेवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो दावा फेटाळला. हद्द सांगायची जबाबदारी कुणाची? सरकारची. मग दादाकडून मोजणीचा नकाशा का मागायचा?

झाडांचा विषय निघाला की मराठी माणूस आज्ञापत्र काढतो. व्हॉट्सॲपवर ते शिवाजी महाराजांचं पत्र म्हणून फिरतं. लिहिलं आहे रामचंद्रपंत अमात्यांनी, अठराव्या शतकाच्या सुरुवातीला, महाराजांच्या राजनीतीला धरून. रयतेने झाडं ‘लेकरांसारखी’ वाढवलेली असतात, ती तोडल्यावर त्यांच्या दुःखाला पारावार काय, हा भाग सगळ्यांना पाठ. झाडं तोडू नका, एवढाच बोध त्यातून काढला जातो. पण तो हुकूम कुणाला आहे? आरमारासाठी लाकूड नेणाऱ्या सरकारी माणसांना. आंबा-फणसाला हात लावू नका. एखादं झाड अगदी जीर्ण होऊन कामातून गेलं असेल, तर ‘धन्यास राजी करून द्रव्य देऊन’ त्याच्या संतोषाने न्या, जबरदस्ती सर्वथा नको. म्हणजे परवानगी घ्यायची होती ती सरकारने, रयतेकडून. आज तीनशे वर्षांनी तोच उतारा झाडतोडीच्या परवानगीच्या समर्थनार्थ वाचला जातो, आणि वाचणाऱ्याला त्यात काही विसंगत वाटत नाही.

ही उलटापालट केली कुणी? इंग्रजांच्या आरमाराला सागवान हवं होतं म्हणून १८०६ मध्ये कॅप्टन वॉटसन या पोलीस अधिकाऱ्याला मलबारात वनसंरक्षक नेमलं. त्याने मलबार-त्रावणकोरच्या सागावर मक्तेदारी बसवली, खासगी मालकांचे आणि व्यापाऱ्यांचे हक्क गुंडाळले, लाकूड मिळेल त्या भावाने सरकारला द्यायला लावलं. परिणाम काय झाला? जे झाड आपल्याला विकता येणार नाही ते कोण राखणार, कोण लावणार? तक्रारी इतक्या झाल्या की, मद्रासचा गव्हर्नर थॉमस मन्रो याच्या कारकिर्दीत १८२३च्या सुमारास ते पदच रद्द करावं लागलं. आणि मग १८४०च्या दशकात त्याच भागात, निलंबूरला, सरकारला स्वतःच्या खर्चाने साग लावायला बसावं लागलं. गोदावर्मन यांचं घराणंही त्याच निलंबूरचं. इतिहासाला असे योगायोग आवडतात. लाकडाची टंचाई झाली की सरकार झाडाला कुलूप लावतं, कुलूप लावलं की लागवड थांबते, लागवड थांबली की टंचाई वाढते. हे चाक दोनशे वर्षांपूर्वी एकदा फिरून दाखवून झालेलं आहे.

उलट दिशेचं उदाहरण आपल्याच राज्यात आहे. गडचिरोलीच्या धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. हक्क मिळाला, पण बांबू कापून न्यायचा म्हटलं की पास वनखात्याकडे. खातं म्हणे, बांबू हे लाकूड. गाव म्हणे, कायद्याने ते गौण वनोपज, आमचं. हक्काचा कागद भिंतीवर आणि बांबू जंगलात, असं चाललं. अखेर २७ एप्रिल २०११ रोजी केंद्रीय मंत्री जयराम रमेश मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाणांसह गावात आले आणि वाहतूक पासाचं पुस्तकच ग्रामसभेच्या हाती दिलं. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही घोषणा देणाऱ्या गावाला त्या दिवशी ते सरकारपण खरोखर मिळालं. पुढच्या वर्षी वनहक्क नियमांत दुरुस्ती होऊन ग्रामसभेच्या समितीने पास द्यावा, हे देशभर लागू झालं. यात पास गेला का? नाही. तो राहिलाच. गाडीसोबत कागद राहिला, नोंद राहिली, हिशेब राहिला. बदलला तो फक्त सही करणारा हात. आणि २०१७च्या दुरुस्तीने वनाबाहेरचा बांबू ‘झाड’ या व्याख्येतूनच काढला, तेव्हा देशातली जंगलं कोसळली नाहीत.

मग पास कुणी द्यावा? आता सगळं ऑनलाइन झालंय, असं उत्तर येतं. डिसेंबर २०२३ मध्ये केंद्राने एक देश एक पास अशी व्यवस्था सुरू केली. जून २०२५ मध्ये शेतजमिनीवरच्या झाडतोडीसाठी नमुना नियम आले, त्यात लागवडीची नोंद पोर्टलवर करायची, फोटो आणि ठिकाणासह. दिशा बरी आहे. पण जुन्या खिडकीवर नवं पोर्टल बसवून आतला क्रम तोच ठेवला, तर अर्ज मोबाइलवरून जाईल आणि पाहणीची वाट अंगणात बसूनच पाहावी लागेल. क्रम उलटा हवा. मालकाने नोंद करावी, फोटो टाकावा, पास त्याच दिवशी निघावा. तपासायचं असेल तर खात्याने नंतर येऊन बुंधा मोजावा. बुंधा कुठे पळून जात नाही, आणि लाकडापेक्षा तो जास्त खरं बोलतो. खोटी नोंद सापडली तर दंड पन्नास हजार नव्हे, पाच लाख करा, माझी हरकत नाही. कलम ६९ची धारणा राखीव जंगलाच्या हद्दीलगत ठेवा, पण सात-बारावर झाडाची नोंद आहे तिथे ती उलटी फिरवा: माल मालकाचा, नसेल तर सरकारने सिद्ध करावं. सामाईक सात-बाऱ्यावर मारामाऱ्या होतील, हा आक्षेप मला माहीत आहे. भाऊबंदकीचा निकाल लावायला दिवाणी न्यायालय आहे. ते काम वनपालाच्या हातोड्यावर का टाकायचं?

दादाने दुसऱ्या पावसाळ्याआधी छपराला लोखंडी पाइप टाकून वर पत्रे बसवले. सागाचे दोन नग त्याने कसेबसे घरच्या घरी करवतून देव्हाऱ्याखालची फळी आणि एक पाट केला. ऐन सगळे फोडून चुलीत गेले. वहिनी म्हणाली, जळतं मात्र छान, आच धरून राहते. वरकसात जिथे ते उभे होते, तिथे आता काजूची कलमं आहेत. मी विचारलं, पुन्हा ऐन का नाही ठेवलेस, फुटवे आले होते की. तो म्हणाला, आले होते, दर वर्षी येतात. अंगठ्याएवढे झाले की मी छाटतो.